गट्टूची किंमत

नायलॉनच्या मांजाने झालेली जखम ओळखायला पंचनामा लागत नाही. काचेने कापलं असेल तर कडा वेड्यावाकड्या असतात, पत्र्याने कापलं असेल तर तळाशी गंज आणि धूळ सापडते. मांजाची जखम आडवी, सरळ, स्वच्छ असते. मानेवर ती बहुधा कंठमण्याच्या आसपास सुरू होते आणि एका बाजूने कानाखाली वर चढत जाते. तिच्यासोबत बऱ्याचदा दुसरी जखमही असते, हाताच्या बोटांवर. गळ्याला काहीतरी लागलं म्हणून दुचाकीवरचा माणूस हात वर नेतो आणि दोरा पकडतो. गाडी पुढे जातच असते. मग दोरा बोटांतून सरकतो आणि जे गळ्याला झालं तेच बोटांना होतं.

मी नाशिकमध्ये प्लास्टिक सर्जन म्हणून काम करते. या शाखेचं नाव ऐकलं की लोकांना नाक सरळ करणं आठवतं. आमच्यासारख्या जिल्ह्याच्या ठिकाणी हे काम मुख्यतः भाजलेल्या, कापलेल्या आणि चिरडलेल्या शरीरांचं असतं. त्यातला मोठा हिस्सा स्वस्तात घेतलेल्या वस्तूंमुळे माझ्यापर्यंत येतो, असं मला अलीकडे वारंवार जाणवतं. या सगळ्या वस्तूंत एक वस्तू अशी आहे की तिची खरी किंमत कुणी भरली हे मी माणूस समोर बसवून दाखवू शकते. नाशिकच्या बाजारात तिला गट्टू म्हणतात. प्लास्टिकच्या रिळावर गुंडाळलेला शेकडो मीटर नायलॉनचा दोरा, काही शे रुपयांना.

पतंगाचं वेड आमच्या जिल्ह्याला नवीन नाही. येवल्यात भोगी, संक्रांत आणि कर असे तीन दिवस गाव गच्चीवर असतं. हलकडी वाजत असते, पतंग कटला की ‘वकाट’ची आरोळी उठते आणि शेवटच्या संध्याकाळी फटाक्यांनी आकाश उजळतं. येवलेकर चकरी वापरत नाहीत, बांबूच्या कामट्यांची आसारी वापरतात. ती तळहातावर फिरवत दोरा सोडण्या-गुंडाळण्याचं कौशल्य लहानपणापासून हातात बसलेलं असतं. रेशीम आणि पतंग ही येवल्याची दोन्ही वेडं तिथल्या गुजराती वस्तीशी जोडलेली आहेत. हे सगळं मला मनापासून आवडतं. पुढचं सगळं वाचताना ते विसरू नये.

पूर्वी मांजा घरी किंवा गल्लीतल्या माहितगाराकडे बनायचा. सुती दोरा, चिकटपणासाठी सरस किंवा भाताची पेज, रंग आणि काचेची पूड. तोही कापायचा, हे मान्य करायला हवं. जुन्या लोकांच्या तर्जनीवर त्याचे वळ असत आणि गळ्याला लागल्याचे प्रसंगही घडत. पण सुताचा एक गुण होता, ताण आला की ते तुटायचं. पावसात भिजलं की कुजायचं. जानेवारीत झाडावर अडकलेला दोरा पावसाळ्यानंतर सहसा उरत नसे.

नायलॉन तुटत नाही, आधी ताणलं जातं. ताशी चाळीस किलोमीटर वेगाने निघालेली दुचाकी सेकंदाला साधारण अकरा मीटर जाते. समोर काही आहे हे कळून ब्रेकवर पाय जाईपर्यंतच पाऊण ते एक सेकंद गेलेला असतो. एवढ्या वेळात, एक टोक विजेच्या खांबात अडकलेला आणि दुसरं टोक पतंगाने किंवा पतंगामागे धावणाऱ्या पोराने ओढलेला दोरा गळ्यावर नुसता टेकत नाही, करवतीसारखा सरकतो. वर काचेचा किंवा धातूच्या भुकटीचा लेप असतोच. मानेच्या पुढच्या भागात कातडीखाली जेमतेम कागदासारखा पातळ स्नायू आहे. त्याच्या लगेच खाली एक मोठी नीला, थोडं आत श्वासनलिका आणि स्वरयंत्र, आणि बाजूच्या जाड स्नायूखाली मेंदूला रक्त नेणारी रोहिणी. मोठ्या माणसाच्या अंगात पाच लिटरच्या आसपास रक्त असतं. त्यातलं दोन लिटर झपाट्याने गेलं तर माणूस वाचवणं फार कठीण होतं, आणि रोहिणी उघडी पडली तर दोन लिटर जायला काही मिनिटं पुरतात. शहरातून मुंबई-आग्रा महामार्गाचा लांबलचक उड्डाणपूल जातो. तो दुसऱ्या-तिसऱ्या मजल्याच्या उंचीवर आहे. आजूबाजूच्या गच्च्यांवरून सुटलेला दोरा त्यावर नेमका मानेच्या पातळीला आडवा येतो. २०२० च्या डिसेंबरात नाशिकमध्ये दुचाकीवरून जाणारी एक महिला अशीच गेली. २०२५ च्या संक्रांतीला एक तरुण गेला. ज्यांच्या हातून तो दोरा सुटला, त्यांना कदाचित पतंग कटल्याचंच दुःख झालं असेल.

मृत्यूची बातमी होते. बोटांची होत नाही, म्हणून मला बोटांबद्दल जास्त बोलायचं आहे.

अंगठा सोडला तर प्रत्येक बोट वाकवण्यासाठी आपल्याकडे दोन टेंडन असतात. लोक त्यांना शीर म्हणतात. तळहाताच्या वरच्या रेघेपासून बोटाच्या मधल्या पेरापर्यंत हे दोन्ही टेंडन एका अरुंद बोगद्यातून एकमेकांना चिकटून धावतात. अमेरिकी सर्जन स्टर्लिंग बनेल यांनी या जागेला ‘नो मॅन्स लँड’ म्हटलं होतं. इथे तुटलेलं टेंडन लगेच शिवूच नये, कारण ते बोगद्यात चिकटून बसतं, असं त्या काळी शिकवलं जाई. १९६० च्या दशकात हॅरोल्ड क्लाइनर्ट यांनी ते शिवता येतं हे दाखवून दिलं. मांजा नेमका याच जागी कापतो, कारण मूठ आवळली की दोरा तिथेच बसतो. शिवायचं काम भिंगातून चालतं. त्यानंतर सुमारे सहा आठवडे हात स्प्लिंटमध्ये, रोज ठरलेला व्यायाम आणि जोर लावायचं काम साधारण बारा आठवडे बंद. एवढं करूनही बोट पूर्वीइतकं वाकेल याची हमी मी देऊ शकत नाही.

माझ्याकडे येवल्याचा एक पैठणी विणकर आला होता. ओळख पटू नये म्हणून काही तपशील मी बदलले आहेत. उजव्या हाताची तर्जनी आणि मधलं बोट, दोन्हीचे टेंडन गेलेले. पैठणीचं विणकाम ज्यांनी पाहिलं आहे त्यांना याचा अर्थ सांगायला नको. पदरावरच्या मोराचा प्रत्येक रंग वेगळ्या छोट्या कांडीवर असतो. ती कांडी बोटांनी ताण्यातून सरकवायची, शेजारच्या रंगात अडकवायची, परत आणायची. मागची बाजू पुढच्या बाजूसारखीच दिसते ती या बोटांमुळे. पहिल्या दिवशी त्याने मला विचारलं, “मॅडम, बोट वाकंल ना?” दुसऱ्या दिवशी त्याचा प्रश्न निराळा होता, “मागावर निम्मी साडी आहे, तिचं काय करू?” मजुरी साडी उतरल्यावर मिळते. बायको कांड्या भरते, पण विणणारा हातच थांबला तर कांड्या कुणासाठी भरायच्या? शस्त्रक्रियेचा खर्च महात्मा फुले जन आरोग्य योजनेतून झाला, म्हणजे तो तुम्ही आणि मी कराच्या रूपाने भरला. तीन महिन्यांची मजुरी, येवला-नाशिक फेऱ्यांचं भाडं, उधारीवरचं व्याज, अर्धवट साडीमागचा तगादा, हे त्याने भरलं. त्याने कधी गट्टू विकत घेतला नव्हता.

माझं म्हणणं एवढंच आहे. वस्तू स्वस्त झाली म्हणजे तिचा खर्च कमी झाला असं होत नाही. पुष्कळदा तो फक्त विकत घेणाऱ्याच्या खिशातून सरकून दुसऱ्या कुणाच्या अंगावर जातो. आर्थर पिगू या अर्थशास्त्रज्ञाने १९२० साली हे ग्रंथरूपाने मांडलं. एकाच्या व्यवहाराचा भुर्दंड त्या व्यवहारात नसलेल्या तिसऱ्याला पडतो, बाजारभावात तो दिसत नाही आणि म्हणून ती वस्तू गरजेपेक्षा जास्त विकली जाते. गिरणीच्या धुराचं उदाहरण घेतलं की हे पुस्तकी वाटतं. धुराने कुणाची छाती किती बिघडली, हे बोट ठेवून दाखवता येत नाही. मांजाचं तसं नाही. कोणत्या दोऱ्याने कोणतं टेंडन कापलं हे कधीकधी जखमेतून काढलेला तुकडाच सांगतो.

नायलॉन ही वस्तूच वाईट, असं मी म्हणत नाही. १९३५ मध्ये ड्युपाँट कंपनीच्या प्रयोगशाळेत वॉलेस कॅरोदर्स यांच्या गटाने ते तयार केलं, तेव्हापासून त्याने जगावर उपकारच केले आहेत. त्या विणकराची कातडी मी ज्या धाग्याने शिवली तोही नायलॉनचाच, एकसंध तंतूचा. आम्हाला तो आवडतो, कारण तो मजबूत असतो, गुळगुळीत असतो, पाणी फारसं शोषत नाही आणि जखमेत कमी चिघळतो. हेच गुण आकाशात उलटतात. आमचा हातभर धागा निर्जंतुक पाकिटात येतो, त्यावर बनवणाऱ्याचं नाव, परवाना आणि बॅच क्रमांक असतो. काही बिघडलं तर कुणाला विचारायचं हे मला माहीत असतं. गट्टू कुणी बनवला, कुठल्या गोदामातून आला, कुणी विकला याचा जखमी माणसाला काहीच पत्ता नसतो. याला चायना मांजा म्हणतात म्हणून सगळा दोष परदेशावर ढकलायचीही सोय नाही, पुष्कळसा माल आपल्याच देशातल्या कारखान्यांत तयार होतो.

मग लोक तो घेतात का? त्यांना कळत नाही का? एका मुलाच्या हाताला टाके घातले, त्याचे वडील रिक्षा चालवतात. त्यांनी मला जे सांगितलं त्यावर मी पुष्कळ विचार केला आहे. “मॅडम, मी पोराला साधाच मांजा आणून दिला होता. दोन मिनिटांत पतंग कटला. सगळ्यांकडे नायलॉन, हा एकटा कसा उडवणार? मग मी पण आणला.” सुती मांजा महाग, नायलॉनपुढे टिकत नाही, आणि आकाशात एक जरी गट्टू आला तरी बाकीच्यांचे पतंग कटणार. म्हणजे एकाने स्वस्त आणि घातक वस्तू घेतली की भल्या माणसाची निवडच संपते. म्हणूनच मला “लोकांमध्ये जागृती हवी” या वाक्याचा कंटाळा आला आहे. जागृती त्या वडिलांना होतीच. त्यांना हवं होतं ते असं आकाश, जिथे सुती मांजा घेऊन उभ्या असलेल्या मुलाचा पतंग दोन मिनिटांपेक्षा जास्त टिकेल. ते एकट्या बापाला करता येत नाही. ते कायद्याने आणि बाजारानेच करावं लागतं.

कायदा आहे. राष्ट्रीय हरित लवादाने ११ जुलै २०१७ रोजी नायलॉन आणि इतर कृत्रिम धाग्यांच्या मांजावर देशभर बंदी घातली. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने २०२१ मध्ये मांजाने होणाऱ्या मृत्यूंची स्वतःहून दखल घेतली. नाशिकचे पोलीस दरवर्षी मनाई आदेश काढतात, छापे घालतात, गट्टू जप्त करतात. पण हे सगळं डिसेंबर-जानेवारीत होतं. घाऊक माल त्याआधीच येऊन गोदामात, घराच्या माळ्यावर, मोबाइलवरच्या ओळखीतून गिऱ्हाइकापर्यंत पोचलेला असतो. बंदीनंतर भाव वाढला तरी विक्री थांबत नाही आणि शेवटच्या टोकाला पकडला जातो तो बऱ्याचदा गल्लीत दहा-वीस गट्टू विकणारा कॉलेजचा मुलगा. त्याला सोडून द्या असं मी म्हणत नाही. पण दोरा कारखान्यातून निघतो तिथे नोंद, तपासणी आणि दंड नसेल, तर गल्लीतल्या छाप्यांनी मोसम सरतो, माल सरत नाही.

दरम्यान जे गट्टू घेत नाहीत त्यांनी खर्च उचलायला सुरुवात केली आहे. संक्रांतीच्या आधी शहरात दुचाकीच्या हँडलवर उभी लोखंडी सळी किंवा कमान बसवून मिळते. लोक गळ्याला जाड पट्टा किंवा मफलर गुंडाळतात. हे करावंच, मी माझ्या ओपीडीत प्रत्येकाला सांगते. ब्राझीलमध्येही मोटरसायकलवाले याच कारणासाठी हँडलला उभी दांडी लावतात. सुरतेत उत्तरायणाला उड्डाणपुलांवर दुचाकींना मनाई करतात. म्हणजे मांजा स्वस्त राहावा म्हणून सळीचे पैसे, पट्ट्याचे पैसे आणि बंद पुलाचा वळसा ज्याने कधी पतंग उडवला नाही तो भरतो. पाकिस्तानातल्या लाहोरमध्ये वसंताचा पतंगोत्सव केवढा मोठा होता! दोऱ्याने माणसं मरायला लागल्यावर तो वर्षानुवर्षं पूर्ण बंद राहिला. येवल्याचं तसं होऊ नये अशी माझी इच्छा आहे, आणि त्याचा रस्ता गट्टू थांबवण्यातूनच जातो. सुती मांजा बनवणाऱ्यांची कमाईही त्याच रस्त्यावर आहे. ती गेली तर कला पण जाईल.

पक्ष्यांचा विषय माझा नाही, पण तो टाळून लिहिणं बरोबर नाही. आमच्या ओळखीतले पशुवैद्य जे सांगतात ते माझ्या कामाशी विलक्षण जुळतं. घार, बगळा, घुबड यांच्या पंखाच्या पुढच्या कडेला कातडीचा एक पातळ पडदा असतो. मांजा तोच फाडतो. तो नीट शिवला गेला नाही तर पंख पूर्ण उघडत नाही, आणि पंख न उघडणारी घार जिवंत असली तरी घार म्हणून जगू शकत नाही. निफाड तालुक्यातलं नांदूर मधमेश्वर हे २०२० च्या जानेवारीत महाराष्ट्राचं पहिलं रामसर स्थळ जाहीर झालं. तिथे दूरदेशीचे पक्षी हिवाळ्यात असतात, म्हणजे नेमके पतंगाच्या दिवसांत. सुती दोरा एका मोसमाचा धोका होता. नायलॉनचा दोरा झाडांवर आणि तारांवर वर्षानुवर्षं लटकत राहतो. मे महिन्यात अडकलेला पक्षी जानेवारीचा हिशेब चुकवत असतो. धातूची भुकटी लावलेला दोरा वीजवाहिन्यांवर पडला की काय होतं, याची सूचना महावितरण दरवर्षी काढतं, ती एकदा वाचावी.

बाकीच्या स्वस्त वस्तूंबद्दल थोडक्यात. २०२१ च्या स्वातंत्र्यदिनापासून नाशिकमध्ये ‘हेल्मेट नाही तर पेट्रोल नाही’ ही मोहीम सुरू झाली. तिच्या पाठोपाठ रस्त्याच्या कडेला स्वस्त हेल्मेटांचे ढीग लागले. हेल्मेट डोकं वाचवतं ते आतल्या जाड थर्मोकोलसारख्या अस्तरामुळे, ते चिरडलं जातं आणि धक्का पोटात घेतं. स्वस्त हेल्मेटात ते अस्तर पातळ असतं किंवा नसतंच, आणि पट्ट्याची कडी धक्क्याला सुटते. अशी टोपी पेट्रोल पंपावरच्या माणसाला फसवते, डांबराला नाही. २०२१ च्या जूनपासून आयएसआय चिन्हाशिवाय दुचाकीचं हेल्मेट बनवणं-विकणं बेकायदा आहे, तरी ते ढीग आहेत. स्वस्त कृत्रिम धाग्याच्या गाऊनबद्दल मी स्वयंपाकघरात वावरणाऱ्या प्रत्येक बाईला सांगते. सुती कापडही पेटतं, लवकर पेटतं. पण कृत्रिम कापड वितळून कातडीला चिकटतं आणि त्या जागी भाजणं खोल जातं, पुढे मांडीवरची कातडी काढून लावावी लागते. आणि दिवाळीतली एक. २०२५ च्या दिवाळीत भोपाळ आणि मध्य प्रदेशात इतरत्र अनेक मुलांचे डोळे कार्बाईड गनने जखमी झाले, काहींची दृष्टी गेली. पाइपाच्या नळकांड्यात कॅल्शियम कार्बाईड आणि पाणी, त्यातून निघणारा अॅसिटिलीन वायू आणि ठिणगी. शे-दोनशे रुपयांचं खेळणं. आवाज झाला नाही म्हणून मूल आत डोकावतं, आणि तेव्हा ते उडतं. ते घरात येऊ देऊ नका.

संक्रांतीच्या दोन-अडीच महिने आधी पतंगाचा विषय कुणाच्या डोक्यात नसतो. गट्टू मात्र तेव्हा कुठल्या तरी गोदामात असतात. तुमच्या सोसायटीत, मंडळात, शाळेच्या पालकसभेत हा विषय काढायची वेळ तीच आहे. एकट्याने नको, सगळ्यांनी मिळून सुती मांजाच वापरायचं ठरवा. गच्चीवरच्या सगळ्या मुलांनी एकदम ठरवलं तरच त्या रिक्षावाल्या वडिलांची अडचण सुटते.

आणि रस्त्यात कुणाचा गळा कापलेला दिसला तर एवढं लक्षात ठेवा. माणसाला खाली आडवं करा. उघड्या नीलेतून हवा आत ओढली जाऊ शकते, म्हणून त्याला बसवून किंवा चालवत नेऊ नका. तोंडात रक्त येत असेल, श्वास अडकत असेल तर कुशीवर वळवा. जिथून रक्त येतं नेमक्या त्या जागी रुमाल, ओढणी, जे स्वच्छ मिळेल ते ठेवून बोटांनी घट्ट दाबा आणि हात काढू नका. गळ्याभोवती आवळून काही बांधू नका, दोन्ही बाजू एकदम दाबू नका. हळद, चहापत्ती, चुना काहीही भरू नका. दोरा आत रुतलेला असेल तर ओढू नका, दोन्हीकडून लांब कापा. बोटं कापली असतील तर कापडात गुंडाळून हात वर धरा आणि अंगठी लगेच काढून घ्या, सूज आल्यावर ती निघत नाही. पाणी पाजू नका, भूल द्यावी लागणार असते. दाबणारा हात न काढता दुसऱ्या कुणाला १०८ ला फोन लावायला सांगा. मोटार वाहन कायद्यातल्या २०१९ च्या दुरुस्तीने अपघातात मदत करणाऱ्याला संरक्षण दिलं आहे. तुम्हाला नाव सांगायची किंवा साक्षीदार व्हायची सक्ती कुणी करू शकत नाही.